पावलांवर उभं राहायचं असतं

माझं काम बघायला एकच जागा असते. तिच्यापासून हातभर डावीकडे सरकलात तरी सगळं मोडतं. मग भिंतीवर नुसते रंगाचे फराटे दिसतात, छतावर एक वाकडी पट्टी, जमिनीवर कसलातरी लांबट डाग. बघणारा मान तिरकी करतो आणि मला विचारतो, "हे अर्धवट राहिलंय का?" अर्धवट काही राहिलेलं नसतं. तुम्ही चुकीच्या जागी उभे असता. हे वाक्य बोलून बोलून माझा घसा सुकला आहे.

सकाळी मी डोंबिवलीतल्या एका शाळेत चित्रकला शिकवते. म्हणजे वेळापत्रकात तसं छापलेलं असतं. प्रत्यक्षात माझा तास हा गणिताचा राहिलेला भाग पुरा करायचा तास आहे. दुपारनंतर मी रिकाम्या इमारतींमध्ये जाते, पाडायला काढलेल्या, ज्यांच्याकडे कोणी ढुंकून बघत नाही अशा. तिथे मी जी चित्रं काढते ती एका भिंतीवर नसतात. एक तुकडा समोरच्या भिंतीवर, दुसरा खांबावर, तिसरा छतावर, उरलेला फरशीवर. ठरलेल्या जागेवरून बघितलं की हे तुकडे एकमेकांना जुळतात आणि जिथे काही नाही तिथे एक सबंध वस्तू उभी राहते. नजरेला फसवायचं काम आहे. माणसांना असं फसायला आवडतं अशी माझी समजूत होती. आमच्याकडच्या माणसांना मी तेव्हा नीट ओळखलं नव्हतं.

पहिल्यांदा कोलशेतला, खाडीजवळच्या एका बंद कारखान्यात मी होडी काढली होती. शेडच्या सहा खांबांवर तुकड्यातुकड्यांनी काढलेली, पण दारातल्या एका जागेवरून बघितली तर पाण्यावर तरंगणारी. ती जागा लोकांना कळावी म्हणून तिथे पिवळ्या रंगाने ठळक फुली मारली. चूक तिथेच झाली. शेजारच्या गावातल्या कोळणींना मी हौसेने बोलावलं होतं. त्या आल्या आणि फुलीला वळसा घालून आत गेल्या. एक म्हातारी तर उंबऱ्यातच थबकली. "बाय, ही फुली कनाला मारलीस गो? कोनी उतारा टाकलाय का काय?" मागून एक पँटशर्टवाले गृहस्थ आले, त्यांनी विचारलं, "महापालिकेने मार्किंग केलंय का? म्हणजे हा भाग धोकादायक आहे?" आणि तेही दोन पावलं मागे सरले. सगळ्यांनी शेड हिंडून बघितली, रंग छान आहेत म्हणाले. होडी एकालाही दिसली नाही.

शहाडला, बंद पडलेल्या स्टाफ क्वार्टर्समध्ये मी फुलीऐवजी पांढरा गोल काढला. लोकांनी तो बघितला आणि हसले. "काय ताई, कोरोना जाऊन किती वर्षं झाली!" दुकानाबाहेर अंतर ठेवून उभं राहायला आखायचे ना, तसा वाटला त्यांना. कोणी त्यात उभं राहिलं नाही. माझी चिडचिड होते ती उगाच नाही.

आणि मग आमचीच इमारत रिकामी झाली.

वर्तकनगरातली, वसाहतीतली जुनी इमारत. मी तिथेच वाढले. रिडेव्हलपमेंटचं बरीच वर्षं चाललं होतं, अखेर सह्या झाल्या आणि सगळ्यांनी सामान हलवलं. बाबा जाऊन बराच काळ लोटला होता, आई एकटीच राहायची, ती माझ्याकडे डोंबिवलीला आली. निघताना तिने दाराला कुलूप लावलं. आत एक चमचासुद्धा उरला नव्हता. मी म्हटलं, "आई, पाडणार आहेत ही. कुलूप कशाला?" तिने कुलूप दोनदा ओढून बघितलं, किल्ली बटव्यात टाकली आणि जिना उतरायला लागली.

इमारत पाडायच्या आधी भंगारवाले येतात. खिडक्यांच्या चौकटी, ग्रिल, नळ, जिन्याचे कठडे, जे विकण्यासारखं असेल ते काढून नेतात. आमचं दार कुलपासकट गेलं. खालच्या मजल्यावरच्या काकूंनी ही बातमी आईला फोनवर सांगितली. काय गरज होती, देव जाणे.

"म्हणजे घर उघडं पडलंय?" आईने मला विचारलं.

"आई, आता ते घर नाहीये."

"कोणीही आत शिरेल."

"शिरू दे. आत आहे काय?"

"काही नाही म्हणून काय झालं? दार नको का लावायला?"

आईचं डोकं ठिकाणावर आहे, हे आधीच सांगते. इमारत पडणार हे तिला पक्कं माहीत होतं, नव्या घराचा नकाशा तिने माझ्याआधी वाचला होता. पण दार उघडं आहे हे तिच्या मनातून जाईना. जेवता जेवता हात थांबायचा आणि ती म्हणायची, "उघडंच असेल ना गं?" अर्धी पोळी ताटात तशीच राहायची. मी समजावलं, रागावले, विषय बदलला. एकदा तर ओरडले. त्याने काही होण्यासारखं नव्हतं. ती दिवसेंदिवस वाळत चालली होती आणि मला ते बघवत नव्हतं.

खरं दार बसवावं म्हटलं तर दुसऱ्या दिवशी तेही भंगारात जाणार. शिवाय मी सुतार नाही. मला दार लावता येत नाही, काढता येतं. म्हणून सोसायटीच्या सेक्रेटरींना फोन केला. म्हटलं, "मला आमच्या घराचं दार काढायचंय, परवानगी हवी." ते म्हणाले, "अहो ताई, ते कधीच काढलं. आता चौकटसुद्धा नाही." मी म्हटलं, तसं नाही, मला ते चित्रात काढायचंय. ते म्हणाले, "बघा बाई. पण मशीन यायच्या आत आटपा." भंगारवाल्यांनी दार काढलं आणि मीही दारच काढणार होते. आपल्या भाषेत दोन्ही कामांना एकच शब्द आहे याचा मला त्या दिवसांत फार राग आला.

आईची उंची हवी होती. तिला डोंबिवलीच्या स्वयंपाकघरात भिंतीला टेकवून उभी केली, म्हटलं फळी कुठे ठोकू ते बघतेय. डोळ्यांशी पेन्सिलने खूण केली. माझ्या आठवणीतल्या आईपेक्षा ती खूण बरीच खाली होती. मग वर्तकनगरला जाऊन, आमच्या दारासमोर जिन्याच्या चौकात एक काठी उभी केली, तिला त्या उंचीवर एक बांगडी बांधली. बांगडीच्या पुढे काच, काचेवर दाराचं बारीक चित्र. एक डोळा मिटून बांगडीतून बघायचं, काचेवरची रेघ आत कुठे पडते ते लक्षात ठेवायचं, आत जाऊन खडूने खूण करायची, परत येऊन वाकून बघायचं, चुकलं असेल तर पुन्हा आत. सोबतीला कोणी नाही. दाराचा वरचा भाग बाहेरच्या खोलीच्या छतावर गेला, मधला स्वयंपाकघराच्या भिंतीवर, खालची फळी फरशीवर लांबच लांब ताणून काढली. डाव्या भिंतीवर कडी आली. आमच्या दाराचा तो शेवाळी हिरवा रंग मिळता मिळेना. मिळाल्यावर पाटी काढली, तोरण काढलं, कडी काढली. ती कडी लटकून हलायची तेव्हा घासून घासून दारावर अर्धगोल ओरखडा पडला होता, तोसुद्धा काढला. एका माणसासाठी आणि एका जागेवरून बघायला मी इतकं मन लावून कधी काम केलं नव्हतं.

जागेची खूण राहिली. फुली नको, गोल नको. मी म्हटलं, पावलं काढू. पायांच्या जागी पाय ठेवायचे, यात न समजण्यासारखं काय आहे? काठी काढली, तिथे स्वतःचे पाय ठेवले, खडूने आखून आत पांढरा ऑइल पेंट भरला. बोटं आतल्या बाजूला, दाराकडे.

दुसऱ्या दिवशी येऊन बघते तर पावलांवर जास्वंदीचं फूल आणि शेजारी अगरबत्ती.

इमारतीवर एक वॉचमन होते, साताऱ्याकडचे, मी त्यांना काका म्हणायचे. त्यांना विचारलं तर म्हणाले, "मॅडम, लक्ष्मीची पावलं काढल्यात तुमी. रिकाम्या घरात कशी ठेवायची तशीच?"

"काका, ती लक्ष्मीची नाहीत. त्यावर उभं राहून आत बघायचंय. या, बघा ना."

काकांनी कान पकडले. "न्हाय बा. पायाखाली घ्यायची का लक्ष्मी?"

"अहो, खूण आहे ती नुसती!"

"असंल. पन आत शिरतानाच काढल्यात ना?"

मी कपाळाला हात लावला. आमच्याकडे दारात आत जाणारी दोन पांढरी पावलं काढली की ती कोणाची, हे शेंबडं पोरही सांगेल. एवढं शिकून हे मला सुचलं नव्हतं. आणि ऑइल पेंट पुसून जात नाही.

मग कॉलेजची पोरंपोरी यायला लागली. कोणीतरी फोटो टाकला होता. ती पावलांच्या बाजूला उभी राहायची, हात लांब करून मोबाइल बरोबर पावलांच्या वर धरायची. मोबाइलला एकच डोळा, त्याला दार चटकन दिसायचं. "ताई, एकदम कडक! भाई, ये देख, असली लगता है." मी एकाला विचारलं, "अरे, तू स्वतः बघितलंस का?" तो स्क्रीनवरून नजर न काढता म्हणाला, "हां ताई, बघतोय ना." त्याच्या खांद्याला धरून त्याला पावलांवर उभा करावा आणि मोबाइल खाडीत फेकावा असं मला मनापासून वाटलं. रीलमध्ये दार हजारोंनी बघितलं असेल. डोळ्यांनी एकानेही नाही.

माझ्याही डोक्यात तोच शॉर्टकट आला. आईचे गुडघे दुखतात, कशाला तिला तिथवर न्यायची? फोटो काढला आणि घरी येऊन तिच्यापुढे धरला. "बघ, दार बंद आहे."

आईने चष्मा वर-खाली केला. "हा कधीचा फोटो?"

"आजचा."

"चल. आजचा कसा असेल? दार तर नेलं ना त्यांनी. तुझ्या बारशाच्या फोटोतही मागे हे असंच दिसतंय." आणि मोबाइल माझ्या हातात परत दिला. माझं काम इतकं हुबेहूब झालं होतं की तिच्या लेखी ते झालंच नव्हतं. रडू की हसू कळेना. मशीन सोमवारी येणार असं सेक्रेटरींनी कळवलं होतं.

रविवारी मी गाडी बोलावली आणि आईला घेऊन निघाले. माणकोलीचा पूल ओलांडला. माजिवड्याला आम्ही अडकलो, तेव्हा आई म्हणाली, "लहानपणी भिंतीवर रेघोट्या मारायचीस म्हणून धपाटे घातले तुला. आता वाटतं, उगाच हात दुखवून घेतला."

जिन्याला कठडा उरला नव्हता. भिंतीला हात लावत, एकेका पायरीवर थांबत ती पहिल्या मजल्यावर आली. काकांनी खुर्ची आणून ठेवली होती, ती नको म्हणाली. जिन्यातून तिला आमची बाहेरची खोली तिरकी दिसली, हिरवे फराटे, छतावरचा पट्टा. "अगं बाई! काय घाण करून ठेवलीस भिंतींची!"

"इथून नाही बघायचं. इकडे ये. या पावलांवर उभी राहा आणि समोर बघ. एवढंच कर."

ती आली. खाली बघितलं. फूल त्या दिवशीही होतं, ताजं. काकांकडे बघून म्हणाली, "तुम्ही वाहता होय?" काका ओशाळून हसले. मी म्हटलं, "आई, ती लक्ष्मीची नाहीयेत."

"मला कळत नाही का? अंगठ्याशेजारचं बोट अंगठ्याहून लांब आहे. तुझी आहेत ती."

"हो, माझी! मग राहा ना उभी."

"लेकीच्या पावलांवर पाय देऊ? याच दारातून कुंकवाच्या पाण्यात बुडवून तुझे पाय आत उमटवलेत मी. महिन्याची होतीस."

"आई, हा रंग आहे. ऑइल पेंट!"

"कुंकूसुद्धा रंगच होतं."

मी पिशवीतून वर्तमानपत्र काढलं आणि पावलांवर अंथरलं. तिने ते बाजूला केलं. "झाकलं म्हणून नाहीशी होतात का?" तेव्हा मात्र माझा तोल सुटला. काकांच्या समोर, त्या घुमणाऱ्या रिकाम्या जिन्यात मी ओरडायला लागले. तुझ्या उंचीवर काढलंय, तुझ्यासाठी काढलंय, शाळा सुटली की रोज इथे येऊन मरते आहे, उद्या हे सगळं पडणार आणि तुला दोन मिनिटं एका जागी उभं राहता येत नाही? कोणालाच राहता येत नाही! एवढं काय जड आहे त्यात? माझा आवाज चिरकला. खालच्या मजल्यावरचं एक कबूतर फडफडून उडालं.

आईने माझं सगळं ऐकून घेतलं. मग पदराने घाम टिपत म्हणाली, "तू उभी राहा. तुझी पावलं आहेत. मला सांग काय दिसतंय."

माझ्यात वाद घालायचं त्राण उरलं नव्हतं. मी चप्पल काढली आणि पावलांवर पाय ठेवले. चित्र तिच्या उंचीचं, म्हणून गुडघे वाकवून खाली झाले, एक डोळा मिटला. इतके दिवस मी बांगडीतून फक्त चुका शोधत होते. आता बांगडी नव्हती, काच नव्हती. समोर आमचं दार होतं.

"बंद आहे?" आईने शेजारून विचारलं.

"बंद आहे."

"नीट? फट नाही ना कुठे?"

"नाही."

"कडी?"

कडी लटकत होती. मी ती तशीच काढली होती, ओरखड्याच्या वर, सुटी. आणि कुलूप नव्हतं. जिने रिकाम्या घराला कुलूप घालून ते दोनदा ओढून बघितलं, तिच्यासाठी दार काढताना मी कुलूपच विसरले होते. विसरले तरी कसं म्हणू? निघायचा दिवस सोडला तर त्या दाराला लागलेलं कुलूप मी कधी पाहिलंच नव्हतं. शाळेतून आले, नोकरीवरून आले, एकदा सासरी भांडून आले, प्रत्येक वेळी कडी अशीच लटकत असायची. ती वाजवायची, आणि आई उघडायची.

"कडी सुटी आहे," मी म्हणाले. "कुलूप काढलं नाही मी."

"म्हणजे आतून लावलंय."

"हो."

"मग आत कोण आहे?"

वाकून वाकून माझ्या मांड्या थरथरत होत्या आणि राग अजून पुरता उतरला नव्हता. "तू," मी वैतागून म्हटलं. "दुसरं कोण असणार?"

मी उघड्या डोळ्याच्या कोपऱ्यातून बघितलं तर आई खाली पावलांकडे बघत होती. म्हणाली, "मग ठीक आहे. मी आत असताना कोण शिरतंय!" आणि जिन्याकडे वळली.

काकांनी तिला हाताला धरून उतरवलं. खाली पोचल्यावर त्यांनी विचारलं, "दिसलं का आजी, दार?"

"दिसलं की," आई म्हणाली.

काय दिसलं होतं? एकदाही तिने त्या जागेवरून बघितलं नव्हतं. पण तिच्याशी आता कोण बोलणार. त्या रात्री ती पोटभर जेवली, ताकाला आणखी मीठ मागितलं. सोमवारी मशीन आली. मी बघायला गेले नाही. आईने पुन्हा त्या दाराचं नाव काढलं नाही.

किल्ली मात्र अजून तिच्या बटव्यात आहे. परवा भाजीवाल्यासमोर तिने बटवा उघडला तेव्हा ती खणखणली. मी म्हटलं, "आई, टाक ना आता ती. तूच म्हणालीस ना, तू आत आहेस. मग किल्ली कशाला?"

आईने बटव्याचा बंद ओढला. "तू मला आत बसवून मोकळी झालीस," ती म्हणाली. "मला कधी बाहेर पडावंसं वाटलं तर?"